तिसरं तोंड

आमच्या वाडीत सकाळी उठल्यावर आधी वारा कुठला ते बघणारा एकच माणूस होता. बाकी आम्ही गुरांकडे बघायचो. आभाळाकडे बघायचो ते फार तर मृगाच्या तोंडावर. मालिम मात्र बारा महिने घरापुढच्या खळ्यात येऊन उभे राहायचे, बोट तोंडात ओलं करून वर धरायचे आणि आत जाऊन वहीत लिहायचे. मोडीत लिहायचे. मला मोडी येत नाही. मी मराठी दुसरीपर्यंत गेलो, मास्तरने माझी चूक नसताना छडी उगारली म्हणून पुन्हा गेलो नाही. चूक नव्हती हे आजही सांगेन. तर मालिम मला वाचून दाखवायचे.

"वारा वायव्येचा, मंद. गोविंदाच्या म्हशीला रेडकू झाला. दुपारी सखाराम आणि बाळ्या यांचा गडग्यावरून भांडण. सांजेस निवळला."

गलबतावर रोजची वही ठेवतात तशी त्यांनी आमच्या वाडीची वही ठेवली होती. जणू वाडी कुठेतरी चालली आहे आणि बंदराला लागेपर्यंत काय काय झालं ते कुणीतरी लिहून ठेवलंच पाहिजे.

आईबापांनी ठेवलेलं नाव त्यांना होतं, पण ते वाडीत कुणी घेतलं नाही, मीही इथे घेत नाही. मालिम म्हणजे गलबताला वाट सांगणारा. तांडेल माणसं हाकतो. गलबत कुठे आहे, पुढे पाणी किती आहे, ते मालिम सांगतो. खाली बंदरावरच्या राजिवड्याचे मुसलमान. उभा जन्म दर्यावर काढला, लग्न केलं नाही. मोठी लढाई संपून काही वर्षं झाली होती, तेव्हा एक दिवस डोक्यावर पत्र्याची पेटी घेतलेला हमाल पुढे आणि हे मागे, असे घाटी चढून आमच्या खळ्यात आले. राम राम नाही, सलाम नाही. पहिलं वाक्य हे:

"ह्या वाडीचा नाव काय?"

मी तेव्हा पंचविशीचा. बाप नुकता गेलेला, घरात मी कर्ता. मी म्हटलं, "कोण विचारतंय?"

"मी विचारतंय. चाळीस वर्सां तुमच्या ह्या सातविणीच्या झाडाकडे बघून गलबत आणला. आऱ्या-वाऱ्याच्या किनाऱ्यासमोर आलो की वर सड्यावर ही दिसते. ही त्या पांढऱ्या खडकाच्या डोक्यावर आली की सुकाणू फिरवायचा. बंदरात सगळ्यांना विचारला, हा झाड कंच्या वाडीतला? कोणाला ठाव नाय. ज्याच्यावर सगळ्यांचा जीव टाकून चाललो, त्याचा नाव ठाव नाय, ही काय गोष्ट झाली?"

मला हसू आलं. म्हटलं, "आम्हाला पण ठाव नाय."

ते खरंच होतं. आमची सतरा घरं सड्याच्या, म्हणजे वरच्या उघड्या कातळपठाराच्या, ऐन कडेला. पालीच्या बाजूने बाजार करून येणारी माणसं सडा उतरून आमच्यात यायची, ती आम्हाला खालची वाडी म्हणायची. समुद्राकडून घाटी चढून येणारी आम्हाला वरची वाडी म्हणायची. आम्ही स्वतः नुसतं वाडी म्हणायचो. वरचं गाव म्हणायचं तुम्ही खालच्या गावात, खालचं म्हणायचं वरच्या गावात. आमच्यात कुणी मेलं तर दोन्हीकडचे पोलीस पाटील हात वर करायचे, आमचा नव्हे म्हणून. माझ्या बापाचं मरण कुठल्याच वहीत नाही. मुंबईहून कुणाचं पत्र आलं तर दोन्ही गावं फिरून वाळलेल्या पानासारखं होऊन यायचं.

मालिम ऐकून पेटीवरच बसले. म्हणाले, "मंग मी हितंच राहतो. नाव कळला की जातो."

गवत ठेवायचं एक खोपटं माझ्याकडे रिकामं होतं, ते मी त्यांना दिलं. दहा-बारा वर्षं राहिले. का दिलं म्हणाल, तर त्यांनी पहिल्याच दिवशी मला 'कप्तान' म्हटलं. मी अडेल आहे ते त्यांनी ओळखलं होतं आणि थट्टेने म्हटलं होतं. मला ती थट्टा कळली तीन वर्षांनी. तोवर नाव आवडून गेलं होतं.

जमिनीवरचे शब्द त्यांना येतच नव्हते. माझ्या आईला म्हणायचे, "काकी, मिठाचा मडका तुमच्या चुलीच्या नैऋत्येला ठेवलाय." आई मला हळूच विचारायची, "आबा, नैऋत्य म्हंजे कुठल्या कोनाड्यात रं?" नमाजाला उभे राहायच्या आधी होकायंत्र बघायचे आणि पश्चिमेपासून जरासे उत्तरेला वळायचे. एकदा म्हणाले, राजिवड्यात यावरून पुष्कळांशी वाकडं झालं. घराचं दार कधी लावायचे नाहीत. म्हणायचे, तुफानात दार लावणारा पहिला बुडतो. कोळीण सड्यावर मासे घेऊन आली की टोपलीत बघून सांगायचे, हा पापलेट किती वाव खोल पाण्यातला. ती चिडायची. "मालिम, तुमी घ्यायचा नाय तर नका घेव, माज्या माशाची कुंडली नका मांडू!"

त्यांच्याकडे एक लांब दोरी होती, टोकाला शिशाचा गोळा. दर्याची खोली मोजायची. चैत्रात ती घेऊन घळीत उतरायचे आणि पऱ्याच्या, म्हणजे ओढ्याच्या, डोहात सोडायचे. आमच्या वाडीत विहीर नव्हती. कातळ. पावसाळ्यात चहूकडे पाणी आणि माघ सरला की थेंब नाही. बायका घळीत उतरायच्या झऱ्यावर, उतरायला अर्धा तास, भरला हंडा घेऊन चढायला पाऊण. दिवसातून चार खेपा. मालिम डोह मोजून यायचे आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगायचे, "एक वाव आणि हातभर. वैशाखात तळ लागेल." लागायचाच.

एकदा आईला ते म्हणाले, "काकी, गलबतावर गोडा पानी संपत आला की आम्ही बंदर गाठतो. तुमी काय करता?"

आई म्हणाली, "आमी आनखी येक खेप मारतो, बाबा."

त्यानंतर मालिमांनी विहिरीसाठी अर्ज करायचं डोक्यात घेतलं. लोकल बोर्ड विहिरी खोदून देतं, शाळेला खोली देतं हे त्यांना कुठूनसं कळलं होतं. पण देणार गावाला किंवा नोंद असलेल्या वाडीला. आमची नोंद नाही, कारण नाव नाही. म्हणजे आधी नाव. आणि नाव म्हणजे मालिमांच्या मते कुणाच्या मनाला आलं ते नव्हे. वाडीत पहिली चूल ज्याने पेटवली त्याचं. त्यासाठी ते घरोघर फिरू लागले. खोपटात बसून वाडीचा नकाशा काढला, त्यात प्रत्येक घर, गडगा, फणस. कुठल्या घराचा कोण कुठून आला, कशासाठी आला, भावाशी भांडून की साथीत पळून, सगळं लिहीत गेले.

पण त्यांचा एक हट्ट होता. एका माणसाने सांगितलेलं ते लिहीत नसत. तीन जणांनी एकमेकांच्या माघारी तेच सांगितलं पाहिजे. म्हणायचे, दोरी तीनदा सोडली आणि तीनदा तेवढाच पानी लागला तर ती खोली. एकदा लागला तर तो दगड पन असेल. त्यापायी वाडीतल्या निम्म्या गमतीच्या गोष्टी वहीत गेल्या नाहीत. "दोन तोंडां झाली," असं ते अगदी हळहळून सांगायचे.

एका दुपारी मी कुंपणाचा गडगा रचत होतो. मालिम येऊन पलीकडे उभे राहिले.

"कप्तान, भागी कोण?"

हातातला चिरा मी खाली ठेवला. "कोण भागी?"

"सड्यावरचा म्हातारा गवळी घळीतल्या झऱ्याला भागीची झर बोलतो. खालच्या गावची आंधळी म्हातारी पन तेच बोलते. भागी म्हणून बाई होती, शेरडां घेऊन एकटी सड्यावर राहायची, झरा तिने शोधला. मागनं तुमचा पणजा आला. दोन तोंडां झाली. तुमच्या बापाने तुम्हाला काय सांगितला असेल तर सांगा."

आता खरं लिहितो. बापाने सांगितलं होतं. मरायच्या आधी दोन वर्षं, कुळथाच्या शेतात बसून. आमचा पणजा रामजी भावांशी भांडून खाडीकडून वर आला तेव्हा त्याच्याकडे कोयती होती आणि पोटुशी बायको होती. बाकी काही नाही. भागीने त्यांना झरा दाखवला आणि आपल्या चुलीतला पेटता इंगळ दिला, त्यावर आमची पहिली चूल पेटली. बाप हे सांगताना हसत होता. मला हसू आलं नव्हतं. भागीची जात इथे लिहीत नाही. त्या जातीच्या हातचं पाणी आम्ही तेव्हा घेत नव्हतो. आणि आमची चूल तिच्या इंगळावर पेटलेली. आम्ही वाडीचे मूळ, होळीचा पहिला मान आमचा, पालखी आधी आमच्या खळ्यात. मी काय म्हणून सांगायचं?

"नाय सांगितला," मी म्हटलं.

मालिमांनी गडग्यावरचा एक सैल चिरा नीट बसवला. "बरा. नाय तर नाय." आणि गेले. तो गवळी त्याच पावसात वारला. आंधळी म्हातारी पुढच्या शिमग्याच्या आत.

मग भावकी बसली आणि नाव ठरलं: रामजीवाडी. सतरापैकी अकरा घरं आमच्या भावकीची, त्यामुळे बाकीच्या सहांना विचारायचं म्हणून विचारलं. आमच्याकडे पणजाचं नाव पणतवाला ठेवतात, तसं तेच नाव माझं. वाडीला आपलं नाव लागणार म्हणून मला काय वाटत होतं ते कशाला लपवू? रामजी इथे राहिला, त्याची घरं झाली, एवढं सांगायला तीन काय, तीस तोंडं होती. मालिमांना वहीच्या नियमाने काही बोलता येईना. त्यांनीच अर्ज लिहिला. पुरुषांनी अंगठे दिले, मी सही केली.

वर्षभराने बोर्डाचे साहेब चौकशीला आले. पुण्याकडचे, डोक्याला पगडी, अंगाने बारीक, बरोबर एक कारकून. सातविणीखाली त्यांना घोंगडी अंथरली. शहाळं दिलं. मालिम आपला नकाशा घेऊन एका बाजूला बसले होते, तो साहेबांनी नीट बघितला, मान हलवली. म्हणाले, "सर्व्हेत पण एवढं नाही. हा कोणी केला?" मालिम लाजले. त्यांना लाजताना मी तेवढंच बघितलं.

मी पुढे होऊन बोलायला लागलो तर साहेब म्हणाले, "तुमची सही मी पाहिली आहे. विहिरीवर कोण जाणार, तुम्ही?"

"बायका."

"मग बायकांनाच विचारतो. तुम्ही मध्ये बोलू नका."

बायका खळ्याच्या कडेला पदर ओढून उभ्या होत्या. साहेबांनी आधी माझ्या आईला विचारलं, "बाई, या वाडीचं नाव काय?"

आई म्हणाली, "आमच्या मामंजींच्या बापाशीचा."

"हो, पण काय?"

"तोच."

"अहो, पण नाव सांगा की."

"त्यांचा नाव मी कसा घेव?" आई म्हणाली. "लेकाला ठेवलाय, तरी कदी घेतला नाय."

ते खरं होतं. जन्मभर ती मला आबा म्हणाली.

पुढची चुलती. ती म्हणाली, "हिला इचारलात तोच." त्यानंतर माझी बायको. पोरगी हुशार, तिला वाटलं आपण काम करून टाकू. पदराआडून म्हणाली, "सीतेच्या घोवाचा नाव नि म्होरं जी."

कारकुनाने मान वर केली. "सीतावाडी लिहू, साहेब?"

"नाय नाय!" सगळ्या बायका एकदम ओरडल्या आणि हसायला लागल्या. भावकीबाहेरच्या सहा घरांतल्या बायका होत्या, त्यांना नाव घ्यायला अडचण नव्हती. पण त्यांना ते नाव कुणी नीट सांगितलंच नव्हतं. एकीने वरची वाडी सांगितलं. एकीने खालची. भावकीच्या लेकींना ते नाव घेता आलं असतं, पण माहेरवाशीण त्या दिवशी एकही वाडीत नव्हती आणि लहान मुली पगडी बघून पडवीत पळाल्या होत्या.

मला राहवेना म्हणून बोललो, "साहेब, आमच्यात बायका सासरच्या थोरांचं नाव घेत नाहीत."

"आमच्यातही घेत नाहीत," साहेब शांतपणे म्हणाले. "म्हणून तर विचारलं. पाण्याला निघालेल्या बाईला वाटेत कोणी विचारलं, कुठली तू, तर तिने काय सांगायचं? निम्मी वाडी जे नाव तोंडातून काढू शकत नाही ते वाडीचं नाव नव्हे. ते तुमच्या घराचं नाव आहे."

मग त्यांनी कारकुनाला थांबवलं. "दुसरं जुनं काही नाव आहे का? सगळ्यांना घेता येईल असं? असेल तर आत्ता सांगा, मी आत्ता लिहितो."

साहेब मालिमांकडे वळले. "तुम्ही एवढं शोधलंत. तुम्हाला काही सापडलं?"

मालिम म्हणाले, "मी हितला नव्हं, साहेब. ह्यांच्या वाडीचा नाव ह्यांनी बोलायचा." आणि त्यांनी माझ्याकडे बघितलं.

नुसतं बघितलं. रागाने नाही. पाण्यात दोरी सोडल्यावर हातात ती धरून बघत राहतात तसं. दोन अक्षरं होती. आईला घेता आली असती, चुलतीला, बायकोला, कुणालाही. सगळी भावकी माझ्या मागे उभी होती. त्यांच्यासमोर मी म्हणायचं होतं की आमची चूल तिच्या इंगळावर पेटली. मी पायाखालच्या कातळाकडे बघत राहिलो. साहेब बराच वेळ थांबले. असा थांबणारा अंमलदार मी पुन्हा बघितला नाही.

"लिहा," ते कारकुनाला म्हणाले, "वस्तीस स्वतंत्र नाव आढळत नाही."

पुढे कागद आला. वाडीतून जाणाऱ्या दगडी वाटेच्या, पाखाडीच्या, उत्तरेची नऊ घरं वरच्या गावात, दक्षिणेची आठ खालच्या गावात. विहीर मागायला गेलो तर वरचं गाव म्हणे, घरं जास्त आमची, पण उताराची जागा खालच्यांची. खालचं गाव म्हणे, नऊ घरांसाठी आम्ही का खोदायची? होळीसुद्धा दोन पेटायला लागल्या. त्यातल्या एकीचा पहिला मान माझा राहिला.

मालिम मला काही बोलले नाहीत. मला वाटलं होतं चिडतील, मग मीही चिडेन आणि बरोबरी होईल. ते रोज वारा बघत राहिले, लिहीत राहिले. पण मला वाचून दाखवणं बंद झालं. मी मागितलंही नाही. दोनेक वर्षांनी त्यांच्या डोळ्यांत फूल पडलं. भाचा येऊन राजिवड्याला घेऊन गेला. घाटीपर्यंत सगळी वाडी पोचवायला गेली. मी गुरं सोडायची आहेत म्हणून मागे राहिलो. गुरं आई सोडणार होती.

त्यानंतर तीन-चार वर्षांनी चैत्रात माझी बायको घळ चढताना शेवाळलेल्या दगडावरून घसरली. जीव वाचला. उजवा हात कोपरात मोडला, हाडवैद्याने बांधला, तो वाकडाच जुळला. दोन महिन्यांनी ती पुन्हा हंडा घेऊन घळीत उतरली. वाकडा हात हंड्याच्या काठापर्यंत पोचत नव्हता, म्हणून मान एका बाजूला कलती ठेवून चालायला लागली. ती तशी चढून येताना मी एकदा वरून बघितली. दुसऱ्या दिवशी सकाळी उठून राजिवड्याला गेलो.

मालिम ओट्यावर बसले होते. डोळे पांढरे झालेले. पावलं ऐकून म्हणाले, "कोण?"

"मी. वरून."

"वरून कुठून?"

"वाडीतून."

"कंच्या वाडीतून?" तोंडावर जरासं हसू आलं होतं. त्यांनी आवाज ओळखला होता.

मी म्हटलं, "भागीच्या."

ते हसू गेलं. मग म्हणाले, "बापाने सांगितला होता?"

"होय."

"तवापासून ठाव होता?"

"होय." मग इंगळाचंही सांगितलं. एकदा बोलायला लागल्यावर थांबलो नाही, कुळथाच्या शेतापासून सगळं सांगितलं. बायकोच्या हाताचं सांगितलं नाही.

मालिमांनी सगळं ऐकून घेतलं. म्हणाले, "कप्तान, त्या दिवशी बोलला असतात तर कामाला आला असता. आता नुसता खरा आहे."

रागावून नाही म्हणाले. खोली सांगावी तसं सांगितलं. आत हाक मारून भाचेसुनेला म्हणाले, "चहा ठेव गो, पाव्हणे लांबून आलेत." मी चहा घेतला. त्यांच्या घरचा पहिल्यांदाच घेतला. दहा-बारा वर्षं माझ्या खळ्यात राहिले तेव्हा कधी घेतला नव्हता. मग निघालो. त्या पावसाळ्यात ते गेले असं कोळणीकडून कळलं.

परत येताना घाटीने न चढता मी घळीतून चढलो. का ते माहीत नाही. झऱ्याच्या वरच्या वळणावर बायको पुढे दिसली. भरला हंडा, मान कलती. मागे पाऊल वाजलं म्हणून थांबली.

"आलात? मालिम काय बोलले?"

"काय नाय. विचारपूस केली."

"बरे हायेत ना?"

"बरे हायेत."

ती पुढे चालायला लागली आणि मी मागे. त्या वेळी आमच्याकडे पुरुष हंडा घेत नसत. वर वाडीत चार माणसं बघत असतील असं मनात आलं. पाऊण तासाचा चढ तिच्या मागून मी रिकाम्या हातांनी चढलो.